नदीपल्याडचा लेखक : विश्राम बेडेकर आणि ‘शेजारी’

या मालिकेत आजवर आपण ताम्रपट पाहिले, मध्य प्रांताची गॅझेटियर पाहिली, पवनारच्या टेकाडाखाली दडलेल्या वाकाटकांविषयी वाद घातला. आजचे साधन जरा निराळे आहे. आज एका पटकथालेखकाविषयी लिहायचे आहे, आणि त्यासाठी मला माझ्या आजोबांना मध्ये आणावे लागणार आहे. धागा लांबेल. सांभाळून घ्यावे.

पदव्युत्तर प्रबंधिकेसाठी मी विषय सुचवला तेव्हा एका प्राध्यापकांनी मला शांतपणे विचारले होते, “चित्रपटाची पटकथा हे इतिहासाचे साधन कसे काय?” प्रश्न रास्त होता. दस्तऐवजाला तारीख असते, शिक्का असतो, कोणी कोणास लिहिले हे असते. पटकथेचे तसे नाही. ती लिहिली जाते, बदलली जाते, चित्रीकरण संपले की रद्दीत जाते. उरतो तो चित्रपट, आणि चित्रपट लोकांच्या तोंडी दिग्दर्शकाच्या नाहीतर नटाच्या नावाने राहतो. मी तेव्हा जे उत्तर दिले ते पाठ केलेले होते. खरे उत्तर सापडले ते गेल्या उन्हाळ्यात, आर्वी तालुक्यातल्या आमच्या घराच्या ओसरीवर.

आधी लेखकाविषयी.

विश्राम बेडेकर यांचा जन्म १९०६ साली अमरावतीचा. आमचा वर्धा जिल्हा आणि अमरावती जिल्हा यांच्यामध्ये वर्धा नदी वाहते. इंग्रजी अमलात या नदीच्या अलीकडे नागपूर विभाग आणि पलीकडे वऱ्हाड. आर्वीकडची माणसे रुक्मिणीचे माहेर म्हणून कौंडण्यपूरला जातात, तीही नदी ओलांडूनच. म्हणजे बेडेकर हे आमचे नदीपल्याडचे. तरीही विदर्भातल्या वाङ्मयीन वर्तुळांबाहेर त्यांचे नाव मी फारसे कोणाकडून ऐकलेले नाही. ज्यांना ठाऊक असते त्यांना ‘रणांगण’ ठाऊक असते, आणि तेही योग्यच आहे. १९३९ सालची ही छोटी कादंबरी अजून वाचली जाते. युरोपातून निघालेली बोट, हिटलरच्या जर्मनीतून परागंदा झालेले ज्यू, त्यांच्यातली हॅर्टा आणि परतीच्या वाटेवरचा मराठी तरुण चक्रधर. मुंबईचे बंदर आले की त्यांच्या वाटा तुटतात. महायुद्धाच्या उंबरठ्यावर निर्वासितांविषयी इतक्या जवळून लिहिणारे पुस्तक मराठीत दुसरे नाही, असे माझे मत आहे.

परंतु हा माणूस त्या बोटीवर मुळात कशासाठी होता? तो इंग्लंडला गेला होता चित्रपटाचे तंत्र शिकण्यासाठी. कादंबरी हे त्या प्रवासाचे उपफळ होते. त्यांची दुसरी कादंबरी नाही. त्यांचे उभे आयुष्य गेले ते रंगभूमी आणि चित्रपट यांत.

सुरुवात नाटकापासून. १९३३ मध्ये त्यांचे ‘ब्रह्मकुमारी’ हे नाटक बळवंत संगीत मंडळीने रंगमंचावर आणले. मास्टर दीनानाथ आणि चिंतामणराव कोल्हटकर यांची ही मंडळी. बोलपट आल्यावर संगीत नाटकाचा प्रेक्षक डोळ्यांदेखत ओसरत चालला होता, तेव्हा मंडळींनीही बोलपट काढायचे ठरवले. १९३४ चा ‘कृष्णार्जुनयुद्ध’ कोल्हटकर आणि बेडेकर यांनी मिळून दिग्दर्शित केला. तो चालला नाही आणि कंपनी कर्जात बुडाली. दीनानाथांच्या उतरणीची कथा सांगताना या चित्रपटाचा उल्लेख नेहमी येतो, बेडेकरांचे नाव मात्र क्वचितच. पुढल्याच वर्षी त्यांनी राम गणेश गडकऱ्यांच्या विनोदी लेखनावरून ‘ठकीचे लग्न’ केला. त्याच १९३५ सालच्या त्यांच्या आणखी एका चित्रपटाचे नाव ‘सत्याचे प्रयोग’! आम्हा वर्धेकरांना हे नाव उच्चारताच दुसरेच पुस्तक आठवते. गांधीजी नुकते, म्हणजे १९३४ मध्ये, वर्ध्यात मुक्कामाला आले होते. त्यांच्या कानावर हे गेले असते तर ते हसले असते की नाही, कोण जाणे. चित्रपटाविषयी त्यांचे मत अतिशय वाईट होते. १९२७ साली सरकारने नेमलेल्या चित्रपट चौकशी समितीला त्यांनी कळवले होते की आपण सिनेमा कधी पाहिलेला नाही, पण त्याने होणारे नुकसान बाहेरच्या माणसालाही दिसते. यावरून १९३९ मध्ये ख्वाजा अहमद अब्बास यांनी त्यांना उद्देशून एक अनावृत पत्र लिहिले. महात्माजींनी या नव्या माध्यमाला आपले म्हणावे, अशी त्यात एका तरुणाची कळकळीची विनंती होती.

हे सारे सांगण्याचे कारण असे की पुढची गोष्ट घडते ती नेमकी याच दोन जगांच्या सीमेवर. एका बाजूला सिनेमा न पाहणारे सेवाग्राम, दुसऱ्या बाजूला पुण्याचा प्रभात स्टुडिओ.

१९४१ मध्ये प्रभातचा ‘शेजारी’ आला, हिंदीत ‘पडोसी’. दिग्दर्शन व्ही. शांताराम यांचे, प्रभातमधला त्यांचा शेवटचा चित्रपट. कथा-पटकथा विश्राम बेडेकरांची. हिंदी संवाद पंडित सुदर्शन यांचे, संगीत मास्टर कृष्णराव यांचे. जिवबा पाटील आणि मिर्झा हे दोन म्हातारे शेजारी, जिवाभावाचे मित्र. गावाजवळ धरण बांधायचे ओंकार नावाच्या धनिकाने मनात घेतले आहे. त्याला जमिनी हव्या आहेत आणि गाव सहजासहजी ऐकत नाही. मग पैसा, संशय, अफवा. दोन घरांमध्ये फट पडते, ती रुंदावत जाते. अखेरीस धरण फुटते आणि त्या प्रलयात दोघे म्हातारे एकमेकांना पुन्हा सापडतात व एकत्र मरतात.

यातली पात्रयोजना प्रसिद्ध आहे. हिंदी आवृत्तीत हिंदू ठाकूर रंगवला मजहर खान यांनी आणि मुसलमान मिर्झा रंगवला गजानन जागीरदार यांनी. मराठीत जिवबा केशवराव दाते आणि मिर्झा पुन्हा जागीरदारच. प्रभातमध्ये दोन्ही भाषांतल्या आवृत्त्या बरोबरीने चित्रित होत. एकाच देखाव्यात एकदा मराठी नट उभे राहत, एकदा हिंदी. यात लेखकाची कसोटी कशी लागते, याचा विचार आपण सहसा करत नाही. प्रसंग असा रचावा लागतो की भाषा बदलली तरी त्याचा कणा वाकू नये. म्हणजे जे सांगायचे ते मुख्यतः कृतीतून, बसण्या-उठण्यातून, न बोलण्यातून सांगावे लागते. भाषेवर विलक्षण हुकमत असलेल्या कादंबरीकाराने भाषेचाच आधार असा कमी करून घेणे, ही मला त्याच्या कारकिर्दीतली सर्वांत मोठी गोष्ट वाटते.

आता काळ पाहा. मार्च १९४० मध्ये मुस्लीम लीगचा लाहोर ठराव झाला. त्याआधी दोन वर्षे, १९३८ च्या पीरपूर अहवालात, काँग्रेसच्या प्रांतिक सरकारांविरुद्ध तक्रारींची जंत्री निघाली होती आणि तिच्यात मध्य प्रांतातली विद्यामंदिर योजना व शिक्षणाची वर्धा योजना यांचा समावेश होता. वर्धा योजना म्हणजे ऑक्टोबर १९३७ मध्ये आमच्या गावात भरलेल्या परिषदेतून निघालेली नई तालीम. तिचा आराखडा करणाऱ्या समितीचे अध्यक्ष डॉ. झाकीर हुसेन होते, ही गोष्ट त्या गदारोळात मागे पडली. सांगायचे तात्पर्य, ज्या काळात ‘वर्धा’ हा शब्दच काही ठिकाणी हिंदू-मुसलमान तेढीच्या संदर्भात उच्चारला जाऊ लागला होता, त्याच काळात नदीपल्याड जन्मलेला एक लेखक पुण्यात बसून दोन शेजाऱ्यांची गोष्ट लिहीत होता. १७ ऑक्टोबर १९४० रोजी विनोबांनी पवनारला वैयक्तिक सत्याग्रहाला आरंभ केला. ‘शेजारी’ पडद्यावर आला तो त्यानंतरच्या वर्षात. या दोन घटनांचा परस्परसंबंध होता असा दावा मी करत नाही. एका काळच्या आहेत एवढेच म्हणते. इतिहासाच्या विद्यार्थ्याला इतका मोह तरी माफ असावा.

‘शेजारी’वर एक आक्षेप घेता येतो आणि पहिल्यांदा पाहिला तेव्हा मीही तो वहीत टिपून ठेवला होता. लेखकाने सगळा दोष बाहेरून आलेल्या पैशावर टाकला आहे. गाव मुळात निर्मळ, धनिक दुष्ट. तो आला नसता तर सारे गोडीगुलाबीने चालले असते. धर्माधर्मांतला तणाव इतका सोपा असतो काय? गावात आधीपासून असलेल्या भेगा, जातीच्या, कुळाच्या, देण्याघेण्याच्या, त्या कोठे गेल्या? वहीतल्या त्या टिपणावर मी तेव्हा खूश होते.

आता आजोबांविषयी. आम्ही त्यांना आबाजी म्हणतो.

आबाजींचे मूळ गाव आज पाण्याखाली आहे. धरणाचे नाव येथे घेत नाही, कारण हा लेख त्या धरणाविषयी नाही. त्या गावात आमच्या घराला लागून एका मुसलमान शेतकऱ्याचे घर होते. सारे गाव त्यांना चाचा म्हणे. ते आबाजींना भाऊ म्हणत. शेतेही लागून होती, मध्ये एक धुरा आणि धुऱ्यावर एक विहीर. ती दोघांच्या वडिलांनी मिळून खणलेली. पाळीपाळीने मोट, पुढे पाळीपाळीने मोटारपंप. माझ्या वडिलांच्या लहानपणी सुगीत दोन्ही घरांचे जेवण एकाच ठिकाणी होई, असे आत्या सांगते.

मग भूसंपादन आले, मोजणी आली, मोबदला आला. विहिरीचा मोबदला स्वतंत्र मिळतो, आणि विहीर कागदावर एकाच्याच सातबाऱ्यावर होती: आमच्या. चाचांचे म्हणणे, अर्धे पैसे माझे. आबाजींचे म्हणणे, देतो, पण आधी घराचे पैसे येऊ दे. घराचे पैसे यायला उशीर झाला. तोवर चाचांच्या मुलाला कोणीतरी सांगितले की भाऊ पैसे बुडवणार. आबाजींना कोणीतरी सांगितले की चाचा कोर्टात चाललेत. दोन्ही खोटे होते. नव्या गावठाणात भूखंड यादीप्रमाणे मिळाले, आणि दोन घरे गावाच्या दोन टोकांना गेली. सांधायला निमित्तच उरले नाही. पैसे पुढे दिले गेले, ते तिसऱ्याच माणसाच्या हातून. दोघे त्यानंतर अकरा वर्षे बोलले नाहीत. चाचा गेले तेव्हा आबाजी मयतीला गेले, पण कबरस्तानाच्या फाटकाबाहेरच उभे राहिले, असे वडिलांकडून ऐकले आहे.

गेल्या मे महिन्यात प्रबंधिकेच्या टिपणांसाठी मी लॅपटॉपवर ‘शेजारी’ पुन्हा लावला होता. दुपारची वेळ, आबाजी ओसरीवर खाटेवर पडलेले. जागीरदारांच्या मिर्झाचा आवाज ऐकून ते उठून बसले. खाट ओढून जवळ आले. त्यानंतर ते चित्रपट संपेपर्यंत हलले नाहीत. पाणी आणून दिले ते तसेच राहिले. धरण फुटण्याचा शेवटचा भाग आजही अंगावर येतो. त्या काळच्या मानाने प्रभातच्या कारागिरांनी केलेले काम थक्क करणारे आहे. मी त्या तंत्राविषयी काही सांगू लागले तर त्यांनी हातानेच मला गप्प केले.

संपल्यावर बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, “लिहिलं कोनं हे?”

मला आश्चर्य वाटले. हा प्रश्न मला आजवर कोणी विचारलेला नव्हता. लोक विचारतात काम कोणी केले, गाणे कोणी म्हटले. मी नाव सांगितले; अमरावतीचे, असेही सांगितले.

“अमरावतीचा? म्हंजे नदीपल्याडचा. मंग त्याले मालूम असन.”

“काय मालूम असेल, आबाजी?”

“का भांडन पैशाचं असते अन् नाव दुसऱ्याचं लागते.”

मग त्यांनी मला जे सांगितले ते घरात कोणालाच ठाऊक नव्हते. विहिरीच्या वादात पहिली दोन वर्षे धर्माचा शब्दसुद्धा निघाला नव्हता. तो नंतर आला, नव्या गावठाणात, आणि आणला तो ज्यांचा त्या विहिरीशी काडीचाही संबंध नव्हता अशांनी. कोणी आबाजींना म्हणे, त्या लोकांचे असेच असते. कोणी चाचांच्या मुलाला म्हणे, ते लोक असेच असतात. “मी काई बोललो नाही,” आबाजी म्हणाले, “पन मी नाही बी म्हनलं नाही.” हे वाक्य ते दोनदा बोलले.

वहीतला माझा आक्षेप मी खोडलेला नाही. इतिहासकार म्हणून तो अजूनही टिकतो. एका विहिरीवरून देशाच्या फाळणीचा सिद्धान्त मांडता येत नाही, आणि पटकथेत जुन्या भेगा झाकल्या गेल्या आहेत, हेही खरेच. परंतु त्याच्या शेजारी आता आणखी एक टिपण आहे. बेडेकरांनी कलहाचे कारण धर्म दाखवले नाही, ही मला भाबडी सोय वाटली होती. ते त्यांचे निरीक्षणही असू शकते. वाद आधी जमिनीचा होतो आणि धर्माचा रंग त्याला मागाहून चढतो, हा क्रम त्यांनी पटकथेत जसा बसवला आहे तसाच तो आमच्या गावठाणात घडला होता. त्या प्राध्यापकांना द्यायचे उत्तर मला येथे मिळाले. पटकथा एखाद्या घटनेचा पुरावा देत नसेल; १९४१ सालच्या एका विचारी माणसाला कलह कोणत्या पायऱ्यांनी चढतो असे वाटत होते, याचा पुरावा ती नक्की देते. आणि तो पुरावा तपासता येतो.

बेडेकरांची पुढली वाटचाल थोडक्यात सांगते, कारण तीही कमी विचित्र नाही. ‘पहिला पाळणा’, ‘नगद नारायण’, प्रभातच्या ‘रामशास्त्री’च्या दिग्दर्शनात वाटा. १९४५ च्या ‘लाखाराणी’मध्ये त्यांच्या हाताखाली एक विशीतला मुलगा उमेदवारी करत होता, त्याने त्यात छोटी भूमिकाही केली. तो गुरुदत्त. १९५० मध्ये ‘वासुदेव बळवंत’. १९६३ मध्ये हिंदीत ‘रुस्तम सोहराब’. पृथ्वीराज कपूर, सुरैयाचा अखेरचा चित्रपट, सज्जाद हुसेन यांचे संगीत. निर्माते एफ. यू. रामसे. याच निर्मात्यासाठी १९७० साली त्यांनी ‘एक नन्ही मुन्नी लडकी थी’ दिग्दर्शित केला. चित्रपट पडला. पण त्यात मुखवटा घातलेल्या पृथ्वीराज कपूर यांच्या चोरीच्या प्रसंगाला लोक घाबरून दाद देतात, हे रामसे यांच्या मुलांनी चित्रपटगृहात बसून पाहिले, आणि त्यातून हिंदीतल्या भयपटांचा तो सारा रामसे कारखाना उभा राहिला. ‘रणांगण’चा लेखक आणि ‘दो गज जमीन के नीचे’ यांच्यात इतकेच अंतर आहे. माझ्या मैत्रिणीला हे सांगितले तेव्हा तिने आधी विश्वासच ठेवला नाही.

चित्रपटातून हात काढून घेतल्यावर त्यांनी ‘टिळक आणि आगरकर’ हे नाटक लिहिले. तेही दोन मित्रांचेच, तुटलेल्या मैत्रीचे. पुढे ‘एक झाड आणि दोन पक्षी’ हे आत्मचरित्र आले, त्याला १९८५ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. शीर्षक उपनिषदातल्या त्या दोन पक्ष्यांवरून घेतलेले: एक फळ खातो, दुसरा नुसता पाहतो. पत्नी मालती बेडेकर, म्हणजेच ‘कळ्यांचे निःश्वास’ लिहिणाऱ्या विभावरी शिरूरकर. त्यांच्यावर वेगळा धागा लिहायलाच हवा, येथे दोन ओळींत उरकणे अन्यायाचे होईल. १९९८ मध्ये विश्रामजी वारले.

‘शेजारी’ आणि ‘टिळक आणि आगरकर’ यांत जवळजवळ चाळीस वर्षांचे अंतर आहे. दोन्हींत दोन माणसे एकमेकांना मानतात, दुरावतात आणि मृत्यू जवळ आल्याखेरीज एकमेकांकडे वळू शकत नाहीत. चित्रपट हे सामूहिक काम, त्यात लेखकाचा वाटा कसा वेगळा काढायचा, हा प्रश्न मला पडला होता. असे परत परत येणारे सूत्र हा एक मार्ग. माझ्या प्रबंधिकेतले दुसरे प्रकरण यावरच आहे. विषय मान्य झाला, शीर्षक मात्र बदलावे लागले.

आबाजींनी रात्री जेवताना पुन्हा तोच विषय काढला. “धरन फुटलं म्हनून दोघं एकमेकाले भेटले,” ते म्हणाले. “न फुटतं तं?”

मला उत्तर देता आले नाही. आमचे धरण फुटलेले नाही. ते उत्तम स्थितीत आहे आणि त्याच्या पाण्यावर खालच्या अंगाची गावे ओलिताची पिके घेतात.

दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांनी धोतर बदलले, टोपी घातली आणि मला सोबत चल म्हणाले. गावठाणाच्या त्या टोकापर्यंत चालत जायला त्यांना अर्धा तास लागला. चाचांचा मुलगा घरी नव्हता, सून होती. तिने चहा केला. आबाजी फारसे काही बोलले नाहीत. पाऊस केव्हा येईल, कपाशीचे बियाणे आणले का, इतकेच. निघताना त्यांनी तिला विचारले, “चाचाचा एखांदा फोटो हाये का, बेटी?” तिने आतून आणून दाखवला. त्यांनी तो बराच वेळ हातात धरला आणि परत दिला.

एक विनंती करून थांबते. वर्धा, आर्वी, हिंगणघाट किंवा पुलगाव येथील कोणाच्या घरी जुन्या बोलपटांच्या गाण्यांच्या पुस्तिका असतील, विशेषतः ‘शेजारी’ची, तर कृपया तिचे पहिले पान मला पाठवावे. लेखकाचे नाव त्यावर कोठे आणि केवढ्या अक्षरांत छापले आहे, ते मला पाहायचे आहे. फोटो अंधुक असला तरी चालेल.